सुटलेलं गाव, सोडलेलं गाव



ज्या शिक्षकांच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते, त्यांनी मला आठवीत इतिहास शिकवला. एकदा ते आम्हाला थिबा पॅलेसवर घेऊन गेले. तेव्हा तिथं तंत्रनिकेतनाचे वर्ग भरत. सर अंगणात उभे राहिले आणि त्यांनी विचारलं, "हा वाडा कुणाचा?" सगळा वर्ग ओरडला, "थिबा राजाचा!" सर म्हणाले, "नीट सांगा. राजाचा, की सरकारचा?" त्या वेळी आम्हाला त्यात काही खोच असेल असं वाटलं नव्हतं. आमचं लक्ष रंगीत काचांच्या अर्धगोल खिडक्यांकडे होतं, आणि आमच्यातलं कोण कुणाला ढकलून पहिलं वर जातं याकडे. आज पन्नासएक वर्षांनी त्या प्रश्नाचं उत्तर द्यायला मी उभा आहे. उशीर झाला आहे, पण सरांना उशिरा वह्या घ्यायची सवय होती.

रत्नागिरीकरांपुढे थिबाविषयी बोलायचं म्हणजे आईपुढे आजोळच्या गोष्टी सांगण्यासारखं आहे. त्याची कथा तुम्हाला पाठ आहे. म्हणून मी कथेपेक्षा दोन क्रियापदांपासून सुरुवात करतो.

आपण म्हणतो, 'मी गाव सोडलं.' आणि आपणच म्हणतो, 'माझं गाव सुटलं.' पहिल्या वाक्यात कर्ता मी आहे. दुसऱ्यात गाव कर्ता आहे आणि मी नुसता षष्ठीत उभा आहे, काहीही न करता. मुंबईला नोकरीसाठी गेलेला चाकरमानी गाव सोडतो. धरणात ज्याचं घर गेलं, त्याचं गाव सुटतं. आणि तिसरं एक वाक्य आहे, 'गाव सुटत नाही'. हे आपण तपकिरीविषयी म्हणतो त्याच सुरात म्हणतो. माणसाचं शहराशी जे नातं असतं ते या तीन वाक्यांत कुठंतरी असतं, आणि बऱ्याचदा तिन्हींत एकदम असतं. माणसाला काढून लावण्यासाठी आपल्याकडे शब्दही भरपूर आहेत : हद्दपार, तडीपार, परागंदा, देशोधडी. हद्दपार आणि तडीपार हे हुकुमातले शब्द आहेत, त्यांवर शिक्का उमटवता येतो. परागंदा शब्दाचा मूळ फारसी अर्थ विखुरलेला, पांगलेला. सरकार माणसाला हद्दपार करतं. परागंदा तो आपला आपणच होतो.

आता ब्रह्मदेशाच्या राजाकडे, थिबाकडे येऊ. १८८५ च्या नोव्हेंबरात इंग्रजी फौज इरावती नदीतून त्याच्या राजधानीत, मंडालेला पोचली. युद्ध म्हणावं असं फारसं घडलंच नाही. दोन आठवड्यांत सगळं आटोपलं. निमित्त होतं सागवानाचं. बॉम्बे बर्मा ट्रेडिंग कॉर्पोरेशन या कंपनीनं जंगलातून काढलेले ओंडके कमी दाखवले, असं ठरवून ब्रह्मी दरबारानं तिला जबर दंड ठोठावला होता. ही कंपनी मुंबईची. आजही आहे. आपल्याकडचा सुतार अजून 'बर्मा टीक' म्हणताना आवाज जरा खाली आणतो, देवाचं नाव घ्यावं तसा. त्या लाकडापायी एक राज्य गेलं हे कपाट करून घेताना कुणाच्या मनात येत नाही, यायचं कारणही नाही. खरं कारण अर्थात ओंडक्यांपेक्षा मोठं होतं : फ्रेंचांची त्या बाजूला वाढत चाललेली ऊठबस इंग्रजांना खुपत होती.

२९ नोव्हेंबरला राजा, राणी सुपयालत, धाकटी राणी आणि दोन लहान मुली यांना बैलगाड्यांत बसवून नदीवर नेलं आणि आगबोटीवर चढवलं. रंगून, मग मद्रास, आणि १८८६ च्या एप्रिलमध्ये रत्नागिरी. वाटेत मद्रासला तिसरी मुलगी झाली, पुढच्या वर्षी इथं चौथी. थिबा तेव्हा सत्तावीस वर्षांचा होता.

इथं जरा थांबू. थिबाची गोष्ट सांगताना आपण त्याचा पुरातन राजवाडा, पूर्वजांची नगरी वगैरे बोलतो. मंडाले पुरातन नव्हतं. त्याच्या वडिलांनी, मिंडोन राजानं, ते १८५७ मध्ये टेकडीच्या पायथ्याशी वसवायला घेतलं. आधीची राजधानी अमरापूर. तिथला लाकडी राजवाडा सुटा करून हत्तींवर लादून नव्या जागी आणला आणि पुन्हा उभा केला. म्हणजे थिबाच्या 'पूर्वजांच्या' वाड्याचे खांबही परगावाहून आलेले होते, आणि राजाच्या हुकमानं अमरापूरच्या रयतेचं गावही तेव्हा सुटलंच होतं. थिबा जन्मला १८५९ मध्ये. शहर त्याच्याहून दोन वर्षांनी मोठं, थोरल्या भावासारखं.

आता हिशेब करा. मंडालेत तो सत्तावीस वर्षं राहिला आणि रत्नागिरीत तीस वर्षांहून जास्त. आयुष्याचा मोठा भाग त्यानं इथं, रत्नागिरीत काढला. तरी आपण त्याला मंडालेचा म्हणतो, तोही स्वतःला तसंच म्हणत असणार. माणूस जिथं जास्त दिवस काढतो ते त्याचं गाव, हा हिशेब त्याच्यापुरता चुकतो. पण तो सगळ्यांपुरता चुकतो का? त्याकडे मी परत येणार आहे.

आणि एक गोष्ट बोललीच पाहिजे, नाहीतर हे व्याख्यान म्हणजे नुसती आसवं गाळणं होईल. थिबा गादीवर आला १८७८ मध्ये. पुढच्याच वर्षी गादीवर हक्क सांगू शकतील अशा सत्तर-ऐंशी नातलगांची राजवाड्यात कत्तल झाली. हुकूम त्याचा की सासूचा, यावर वाद घालता येतो. माणसं मेली यावर नाही. हद्दपारी झाली म्हणून कुणी निर्मळ होत नाही. आपल्याकडे वनवास म्हटलं की लगेच राम आठवतो आणि वनवासी माणूस आपोआप चांगला ठरतो. ही सवय सोडलेली बरी.

इंग्रजांची पद्धत ठरलेली होती. राजाला मारायचं नाही, त्याला त्याच्या शहरापासून तोडायचं. दुसऱ्या बाजीरावाला १८१८ मध्ये पुण्यापासून तोडून गंगाकाठी बिठूरला ठेवलं. साताऱ्याच्या प्रतापसिंह महाराजांना १८३९ मध्ये काशीला धाडलं, तिथंच १८४७ मध्ये ते गेले. लखनौच्या वाजिद अली शाहला कलकत्त्याजवळ मटियाबुर्जला ठेवलं. दिल्लीच्या बहादूरशाह जफरला १८५८ मध्ये रंगूनला नेलं, आणि १८६२ मध्ये तो मेला तेव्हा कबर ओळखू येऊ नये अशा बेतानं पुरलं. दिल्लीचा बादशहा ब्रह्मदेशात आणि ब्रह्मदेशाचा राजा कोकणात. अशी अदलाबदल करणाऱ्यांना भूगोल चांगला येत होता. रत्नागिरी निवडली कारण इथं यायला आगबोट हाच मुख्य मार्ग, पावसाळ्यात तोही बंद, आणि रेल्वे यायला पुढं शंभराहून अधिक वर्षं लागली. आपल्या गावाचा मागासलेपणा तेव्हा सरकारला फार सोयीचा वाटला.

यांतल्या काहींनी नव्या जागी जुनं शहर उभं केलं. बिठूरला बाजीरावामागे हजारो मराठी माणसं गेली आणि गंगाकाठी एक छोटं पुणं तयार झालं. वाजिद अलीनं मटियाबुर्जमध्ये लखनौची नक्कल उभारली. गवई, खानसामे, पतंगवाले, प्राणिसंग्रहालय, सगळं. थिबाला ते जमलं नाही. तेवढी माणसं नव्हती, पैसा नव्हता, आणि जे जडजवाहीर होतं ते पेन्शन पुरेना तसं हळूहळू विकलं गेलं. कायम पैशांची ओढाताण आणि सरकारकडे अर्ज. त्याच्या पत्रव्यवहारात एका मोठ्या माणकाचा तगादा पुन्हा पुन्हा येतो. मंडाले सोडण्याच्या धांदलीत ते एका इंग्रज अधिकाऱ्याकडे गेलं आणि परत मिळालं नाही, असं राजघराण्याचं म्हणणं. ते आजतागायत कुणाला सापडलेलं नाही.

मग मंडालेतलं त्याच्यासोबत आलं काय? मला वाटतं, बसण्याची एक रीत. ब्रह्मी दरबारात राजासमोर कुणी उभं राहत नसे. गुडघे टेकून, हात जोडून, अंग जमिनीसरसं ठेवून वावरायचं. हा रिवाज रत्नागिरीच्या बंगल्यातही पाळला जाई. चाकरमंडळी राजापुढे अशीच सरकत येत. बाहेर कलेक्टरचा अंमल, बंदोबस्ताला पोलीस, परवानगीशिवाय गाव ओलांडायची बंदी; आणि आत, त्या खोलीच्या जमिनीपासून दीड हात उंचीपर्यंत, मंडाले. (याच दरबारात पूर्वी इंग्रज वकिलांनी जोडे काढायला नकार दिला होता आणि त्यावरून दोन्ही सरकारांचे संबंध बिघडले. आपल्या ओसरीवर रोज सुटणारा हा प्रश्न दोन राज्यांना सुटला नाही.)

ज्याला आपण थिबा पॅलेस म्हणतो, तो बांधून झाला १९१० मध्ये. तोपर्यंत चोवीस वर्षं हे कुटुंब बंगल्यांतच राहत होतं. जांभा दगड, सागवान, उतरतं छप्पर, रंगीत काचा. जांभा खाणीतून काढताना मऊ असतो, कुऱ्हाडीनं तासता येतो. वारा लागला की कठीण होत जातो. बांधकाम सरकारी, खर्च सरकारी, मालकी सरकारी. सरांचा प्रश्न हाच होता. कैद्यासाठी बांधलेल्या इमारतीला आपण राजवाडा म्हणतो. खरं नाव तुरुंगच असायला हवं होतं, पण तुरुंगाला गच्ची आणि खाडीचा देखावा नसतो. थिबानं त्या वाड्यात सहा वर्षं काढली आणि १९१६ च्या डिसेंबरात तो गेला.

आता याच वर्षांतली दुसरी बाजू पाहा. इथून पायी जाता येईल अशा अंतरावर टिळक आळी आहे. तिथं १८५६ मध्ये जन्मलेला मुलगा वडिलांच्या बदलीमुळे दहाव्या वर्षी पुण्याला गेला. म्हणजे त्याचं रत्नागिरी आधीच, सरकारी बदलीच्या कागदानं, सुटलेलं होतं. १९०८ मध्ये राजद्रोहाच्या खटल्यात त्याला सहा वर्षांची काळ्या पाण्याची शिक्षा झाली आणि पाठवलं कुठं? मंडालेला. तुरुंग होता थिबाच्या जुन्या राजधानीच्या तटाच्या आत. १९०८ ते १९१४ ही सहा वर्षं रत्नागिरीचा माणूस मंडालेच्या तटाआड होता आणि मंडालेचा राजा रत्नागिरीच्या टेकडीवर. दोघांचा पहारेकरी एकच. कुणी कादंबरीकारानं हे रचलं असतं तर संपादकानं 'फार जुळवलंय' म्हणून परत पाठवलं असतं.

टिळकांनी मंडालेचं काय केलं? लाकडी फळ्यांच्या कोठडीत, उन्हाळ्यात भट्टी आणि हिवाळ्यात वारा आत, मधुमेहामुळे सातूच्या पिठावर राहून, १९१०-११ च्या हिवाळ्यात त्यांनी पेन्सिलीनं गीतारहस्य लिहून काढलं. पुस्तकं मागवून जर्मन-फ्रेंच शिकले. त्यांच्या तिथल्या लेखनात शहर जवळजवळ नाही. उष्मा आहे, धूळ आहे, पथ्यपाणी आहे. मंडालेचे रस्ते, बाजार, टेकडी यांपैकी काही नाही. कुठून असणार? कोठडीतून शहर दिसत नाही. आपण आज मंडाले हे नाव मराठीत एखाद्या तीर्थासारखं उच्चारतो, तेव्हा आपल्या डोळ्यांपुढे एक खोली असते, शहर नसतं. थिबाला मंडाले आठवत होतं पण दिसत नव्हतं. टिळक मंडालेत होते पण त्यांना ते दिसत नव्हतं. १९१२ मध्ये इकडे रत्नागिरीत थिबाची धाकटी राणी वारली. त्याच वर्षी पुण्यात टिळकांच्या पत्नी सत्यभामाबाई गेल्या. टिळकांना ती बातमी तुरुंगात तारेनं कळली. १९१४ च्या जूनमध्ये ते रात्रीच्या वेळी पुण्याच्या घरी पोचले तेव्हा ज्या घरातून ते निघाले होते ते घर तिथं नव्हतं. वाडा होता.

(जाता जाता : १९२४ ते १९३७ सावरकरांना याच रत्नागिरी जिल्ह्यात स्थानबद्ध केलं होतं. जिल्ह्याबाहेर जायचं नाही. आपलं गाव सरकारी नकाशावर बराच काळ कोठडीचं काम करत होतं. त्याचा अभिमान बाळगायचा की नाही, हे ज्यानं त्यानं ठरवावं.)

आता मी त्या हिशेबाकडे परत येतो.

थिबाच्या चार मुलींपैकी दोघी इथं आल्या तेव्हा इतक्या लहान होत्या की मंडाले त्यांना फारसं आठवत असणं अवघड होतं. उरलेल्या दोघींनी ते पाहिलंच नव्हतं. त्या इथं वाढल्या. घरात ब्रह्मी, बाहेर मराठी आणि हिंदुस्तानी. त्यांच्या तोलामोलाचा वर इथं मिळणार नव्हता, तिकडून आणायला सरकार तयार नव्हतं, आणि वर्षं जात राहिली. थोरलीचं बंगल्याच्या दारावरच्या गोपाळ सावंत नावाच्या माणसावर मन बसलं. त्याचं आधी लग्न झालेलं होतं. १९०६ मध्ये तिला मुलगी झाली, टूटू. राजा-राणीला काय वाटलं असेल ते सांगायला नको. मला कुतूहल आहे ते वेगळंच. मंडालेच्या राजाची नात रत्नागिरीत मराठी बोलत मोठी होत होती आणि खोलीत माणसं गुडघ्यांवर सरकत होती, हे एकाच छपराखाली किती वर्षं नांदलं असेल!

थिबा गेल्यावर सुपयालतनं अर्ज करून करून अखेर परत जायची परवानगी मिळवली. मार्च १९१९ मध्ये राजाचं आणि धाकट्या राणीचं रखडलेलं दफन इथंच झालं आणि त्यानंतर राणी मुलींना घेऊन ब्रह्मदेशात परतली. मंडालेला नाही, रंगूनला; मंडालेला जायची मुभा नव्हती. राणी १९२५ मध्ये रंगूनमध्ये वारली. दुसरी राजकन्या तर गेलीच नाही. तिनं वडिलांच्या पदरी असलेल्या एका तरुणाशी आईच्या मनाविरुद्ध लग्न केलं आणि पुढं कालिंपाँगला संसार थाटला.

आणि थोरली? ती आईबरोबर रंगूनला गेली. तिला 'मायदेशी' नेलं होतं. चौतीस वर्षांची हद्दपारी संपली, असं इतिहासाच्या पुस्तकात लिहिता येईल. ती तिथं रमली नाही. थोड्याच काळात मुलीला घेऊन ती रत्नागिरीला परत आली.

या परतीला काय म्हणायचं? थिबाच्या बाबतीत आपल्याला शब्द शोधावा लागत नाही. त्याचं मंडाले सुटलं. पण त्याच्या लेकीला ज्या दिवशी सरकारनं मुक्त केलं त्या दिवशी ती हद्दपार झाली. रंगून तिच्यासाठी परगाव होतं. तिचं गाव हे : हा जांभा, हा पाऊस, ही भाषा, आणि दारावरचा तो माणूस, ज्याच्याकडून पुढं तिला फारसं सुख लाभलं असं दिसत नाही. तरी ती आली. एका राजघराण्यातली मुलगी दारिद्र्यात राहायला आपखुशीनं परत आली, याला बरेच लेखक शोकांतिका म्हणतात. मला ते पटत नाही. त्या घराण्यात स्वतः ठरवून कुठं राहायचं हे करून दाखवणारी माणसं दोनच, ही आणि कालिंपाँगची. राजाला, राणीला ते जमलं नव्हतं. थोरलीच्या बाबतीत क्रियापद बदललं : तिनं रंगून सोडलं.

आपल्याकडे पहिल्याच भेटीत विचारतात, "तुमचं गाव कुठलं?" गिरगावात तीन पिढ्या काढलेला माणूसही सांगतो, "राजापूर." तो तिथं उन्हाळ्याच्या सुट्टीपलीकडे राहिलेला नसतो. आजोबांचं सुटलेलं गाव तो वारसाहक्कानं सांगत असतो, आणि त्यात खोटं काही नाही. पण कधीतरी एखादी पिढी येते आणि म्हणते, माझं गाव हेच. त्या वेळी जुन्यांना वाटतं की ही मुलं मूळ विसरली. थोरल्या राजकन्येला आईनं नेमकं हेच ऐकवलं असेल. मी स्वतः पुण्यात चाळीस वर्षं आहे. माझी मुलं गाव विचारलं की 'पुणे' म्हणतात, आणि मला अजून ते कानाला बोचतं. थिबाच्या बाजूनं विचार करणं मला सोपं जातं ते त्यामुळेच. त्याच्या लेकीची बाजू समजायला मला साठी ओलांडावी लागली.

अलीकडे थिबाच्या अवशेषांविषयी बोललं जातं : ते परत न्यावेत का? २०१२ मध्ये म्यानमारचे अध्यक्ष थेन सेन इथं येऊन समाधीला नमस्कार करून गेले. नेण्याच्या बाजूचं म्हणणं मला समजतं. पण नेणार कुठं? त्याचा लाकडी राजवाडा १९४५ च्या लढाईत जळाला. आज मंडालेत जो दिसतो तो १९९० च्या दशकात पुन्हा बांधलेला आहे. म्हणजे ज्या वाड्यात तो राहिला आणि जो अजून मूळ रूपात उभा आहे, तो सरकारनं त्याच्यासाठी रत्नागिरीत बांधलेला. सर, तुमच्या प्रश्नाचं उत्तर मी एवढंच देऊ शकतो : कागदावर सरकारचा. राहिला तो, म्हणून त्याचा.

थोरली राजकन्या १९४७ मध्ये इथंच वारली. टूटूनं इथंच लग्न केलं, संसार केला, मुलं वाढवली, गरिबीत दिवस काढले. ती मराठी बोलायची. २००० मध्ये ती गेली. अमिताव घोष यांची थिबाच्या हद्दपारीपासून सुरू होणारी 'द ग्लास पॅलेस' ही कादंबरी त्याच वर्षी प्रसिद्ध झाली. कादंबरी इंग्रजीत होती.